पोराचा डबा आणि उसाचा केवडा



या पानावर आपण नेहमी लागण, खोडवा, खतांचे हप्ते आणि हुमणी यांविषयी वाचता. या खेपेस विषय निराळा आहे. शाळेत जाणाऱ्या लहान पोरांचा डबा हा तो विषय. "शेतकी खात्याच्या माणसाला हा उद्योग कुणी सांगितला?" असे काहींच्या मनात येईल, आणि काही पुरुष मंडळी पान उलटून ऊसदराची बातमी शोधतील, हेही मला ठाऊक आहे. तरी त्यांनी दहा मिनिटे द्यावीत. डबा घरातली माउली भरते हे खरे, पण त्यात भरायला घरात काय असणार हे पुष्कळसे शेतात ठरते. आणि शेतात काय लावायचे हे आपल्याकडे अजून बाप्येच ठरवतात.

निमित्त असे झाले. मागील हंगामाच्या सुरुवातीस एका वस्तीवर सुरू उसाचा प्लॉट पाहावयास गेलो होतो. सभासदांची तक्रार होती की ऊस पिवळा पडला, युरिया टाकला तरी हिरवा होईना. सकाळी सातची वेळ. घरात वहिनी चपात्या लाटत होत्या. तव्यावरची चपाती घ्यायची, वर तुपाचे बोट फिरवायचे, दोन चमचे साखर भुरभुरायची, गुंडाळी करून डब्यात ठेवायची. अशा दोन गुंडाळ्या झाल्या, शेजारी बिस्किटाचा लहान पुडा ठेवला आणि झाकण लागले. तोवर रस्त्यावर शाळेच्या पिवळ्या गाडीचा हॉर्न. सहा वर्षांचा पोरगा कपातला चहा घशात ओतून पळाला.

आम्ही प्लॉटवर गेलो. कोवळी पाने पिवळट-पांढरी, शिरा तेवढ्या हिरव्या. मी म्हणालो, "केवडा आहे. लोह कमी पडतंय." परत आल्यावर वहिनींनी ते ऐकले आणि चहाचा कप पुढे करीत म्हणाल्या, "सायेब, आमचा ह्यो बी पिवळाच पडलाय. शाळंत डॉक्टर आल्ते, रगात कमी हाय म्हणून चिठ्ठी दिलीया. आता ह्याला काय टाकायचं सांगा की!"

सगळे हसले, मीही हसलो. पण गाडीवर बसल्यावर ते वाक्य डोक्यातून जाईना. उसाच्या पानावरून मी दोन मिनिटांत निदान केले होते, आणि समोर भरला गेलेला डबा पाहून मात्र एक शब्द बोललो नव्हतो.

आता साखरेविषयी. साखर कारखान्याच्या अंकात साखर कमी वापरा असे लिहायचे म्हणजे जरा अवघडच आहे, तरी संपादक मंडळींनी हा मजकूर ठेवला याबद्दल त्यांचे आभार. साखर काही विष नव्हे. ती शक्ती देते, पण नुसतीच शक्ती देते. प्रथिने नाहीत, लोह नाही, चुना नाही, जीवनसत्त्वे नाहीत. उसाला नुसता युरिया देण्यासारखेच हे. सभासदाच्या घरी सवलतीची साखर पोत्याने येते, ती समोर असते, आणि सकाळच्या घाईत हात तिच्याकडेच जातो.

थोडा हिशेब मांडू. हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेच्या कोष्टकाप्रमाणे ४ ते ६ वर्षांच्या मुलास दिवसाला सुमारे १३६० कॅलरी लागतात. जागतिक आरोग्य संघटनेने २०१५ साली सांगितले की वरून घातलेल्या साखरेतून मिळणारी शक्ती एकूण शक्तीच्या दहा टक्क्यांहून कमी असावी, आणि त्याच्या निम्म्यावर आली तर अधिक चांगले. दहा टक्के म्हणजे १३६ कॅलरी, म्हणजे ३४ ग्रॅम साखर, चहाचे सुमारे सात चमचे. आता त्या पोराचे बघा. दोन गुंडाळ्यांत चार चमचे, चहात दोन. सहा चमचे दुपारच्या आतच झाले. बिस्किटांतली साखर निराळी. पोट भरले, पोरगा गप्प बसला, डबा रिकामा परत आला. माउलीला वाटते पोर जेवले!

गूळ दिला तर चालेल का, असे बरेच जण विचारतात. गुळात थोडे लोह असते, पण मूल खाऊन खाऊन दहा ग्रॅम गूळ खाणार, त्यातून फार तर अर्धा-एक मिलिग्रॅम लोह मिळणार. या वयाची गरज दिवसाला ११ मिलिग्रॅमची आहे. गूळ चवीपुरता ठीक, औषध म्हणून नव्हे.

यात एक गंमतही आहे. जिल्हा परिषदेच्या शाळेत दुपारी जो शिजवलेला आहार मिळतो, त्यात पहिली ते पाचवीच्या मुलामागे १०० ग्रॅम धान्य, २० ग्रॅम डाळ आणि ५० ग्रॅम भाजी असावी, त्यातून ४५० कॅलरी आणि १२ ग्रॅम प्रथिने मिळावीत असे ठरलेले आहे. गाडीने फीच्या शाळेत जाणाऱ्या पोराला हा आहार नाही. त्याचा सगळा भरवसा डब्यावर. म्हणजे आपण फी भरून पोराला खिचडी-उसळीवरून साखर-चपातीवर आणले, असा प्रकार काही घरांत झाला आहे.

आता केवड्याकडे वळू, कारण खरा धडा तिथेच आहे.

आपल्या चुनखडीच्या काळ्या जमिनीत लोह नसते असे नाही. माती तपासली तर एकूण लोह भरपूर निघते. पण चुन्यामुळे ते मातीत जखडून बसते, मुळाला घेता येत नाही. म्हणून आपण हिराकस नुसते विस्कटून टाकत नाही; एकरी दहा किलो हिराकस चांगल्या कुजलेल्या शेणखतात काही दिवस मुरवतो आणि मग सरीतून देतो. शेणखताच्या संगतीने ते पिकाला लागू पडते. पोटाचेही असेच आहे. ज्वारी, बाजरी, डाळी, पालेभाजी यांत लोह आहे, पण धान्या-कडधान्यांतलेच काही घटक त्याला धरून ठेवतात. वर चहा प्यायला की चहातला तुरट अंश आणखी लोह जखडतो. म्हणजे भाकरी आणि लगेच चहा हा हिराकस आणि चुना एकत्र टाकण्याचा प्रकार झाला.

पोटातले शेणखत कोणते? लिंबू, पेरू, आवळा, कच्चा टोमॅटो, कोथिंबीर. यांतले 'क' जीवनसत्त्व लोहाला मोकळे करते. मटकीच्या उसळीवर लिंबू पिळा किंवा डब्याच्या कोपऱ्यात पेरूच्या दोन फोडी टाका, त्याच उसळीतले जास्त लोह अंगी लागते. लिंबू डब्यात पिळायचे, शिजवताना नाही, कारण उष्णतेने ते जीवनसत्त्व बरेच नष्ट होते. कडधान्याला मोड आणले, पीठ आंबवले तरी जखडलेले लोह सुटते. आपल्या आज्या मटकीला मोड आणीत आणि आंबोळीचे पीठ रात्री भिजवीत, त्यांना कुणी रसायनशास्त्र शिकवले नव्हते. लोखंडी तवा-कढई माळ्यावर टाकली असेल तर खाली काढा. तिच्यात केलेल्या भाजीत थोडे लोह उतरते. मात्र भाजी झाल्यावर लगेच दुसऱ्या भांड्यात काढावी, नाही तर काळी पडते. आणि लहान पोराला चहा बंद. अगदीच रडला तर जेवणानंतर तास-दीड तासाने, तोही दुधाळ. खरे म्हणजे बंदच.

इथे एक गोष्ट बजावून सांगतो. शाळेत किंवा दवाखान्यात रक्त कमी आहे असे सांगून पातळ औषध वा गोळ्या दिल्या असतील तर त्या डॉक्टर सांगतील तितके दिवस द्यायच्याच, आणि जंताचे औषधही. पीक पिवळे पडल्यावर फवारणी लागते, मग जमीन सुधारायची. डबा म्हणजे जमीन सुधारणे, ती फवारणीची जागा घेत नाही.

प्रथिनांचे गणित फार सोपे आहे, उगाच घाबरायला नको. ४ ते ६ वर्षांच्या पोराला दिवसाला सुमारे १६ ग्रॅम आणि ७ ते ९ वर्षांच्याला सुमारे २३ ग्रॅम प्रथिने लागतात. एका अंड्यात सहा ग्रॅम. मूठभर, म्हणजे २५ ग्रॅम शेंगदाण्यात तितकीच. पेलाभर दुधातही जवळजवळ तितकीच. गोठ्यातले सगळे दूध डेअरीच्या कॅनमध्ये न ओतता पोराचा एक पेला आधी बाजूला काढावा, असे मी काही घरांत सांगितले तेव्हा एका आजींनी मला बाजूला घेऊन, "बरं झालं बोललात, माझं कोण ऐकतंय," असे सांगितले.

मग डब्यात द्यायचे काय? सकाळी धार काढायची, बाकीच्यांची न्याहारी करायची आणि सातला गाडी. या माउलीला मासिकातल्या पाककृती सांगून उपयोग नाही, म्हणून मी माझ्या घरी आणि कार्यक्षेत्रातल्या वस्त्यांवर जे जमलेले पाहिले तेच सांगतो.

भाकरी डब्यात वाळते आणि पोर खात नाही, ही तक्रार खरी आहे. त्यावर आपल्याकडेच उपाय आहेत. दशमी करा. ज्वारीचे किंवा बाजरीचे पीठ दुधात मळले की ती दुपारपर्यंत मऊ राहते. धपाटे करा. ज्वारी, बेसन, थोडी कणीक, त्यात मूठभर चिरलेली मेथी किंवा शेवग्याचा पाला, तीळ, ओवा. मोठे न थापता पुरीएवढे थापावेत, म्हणजे पोराला एका हातात धरून खाता येतात. शाळेची मधली सुटी लहान असते, त्यातला निम्मा वेळ हात धुण्यात आणि पळण्यात जातो. जे पाच-सात मिनिटांत खाऊन होत नाही ते परत येते. माझ्या मुलीचा डबा कित्येक दिवस अर्धा परत यायचा, आम्ही तिला रागवायचो. शेवटी कळले की झाकण घट्ट होते आणि तिला ते उघडता येत नव्हते! बाईंना सांगायची लाज वाटे. म्हणून घरी एकदा पोराला स्वतः डबा उघडून दाखवायला सांगा.

मुगाची डाळ रात्री भिजत घातली तर सकाळी धिरडे दहा मिनिटांत होते. उकडलेले अंडे चालणाऱ्या घरात त्यासारखे सोपे काही नाही. ते त्याच सकाळी उकडलेले असावे. अंड्याची भुर्जी चपातीत गुंडाळून दिली तर ती साखरेच्या गुंडाळीसारखीच दिसते आणि पोरगा तक्रार न करता खातो, हा अनुभव आहे. हरभऱ्याच्या दिवसांत ओल्या हरभऱ्याची उसळ, तुरीच्या दिवसांत ओल्या तुरीचे दाणे, उन्हाळ्यात मटकी. शेंगदाण्याची चटणी दह्यात कालवून चपातीला लावता येते. गोड पाहिजेच असेल तर शेंगदाण्याच्या कुटाचा एक लाडू किंवा राजगिऱ्याचा लाडू, तोही भाजी-चपाती संपल्यावर खायचा या बोलीवर. फळ म्हणून सफरचंदच हवे असे कुठे लिहिले आहे? पेरूत संत्र्यापेक्षा कितीतरी जास्त 'क' जीवनसत्त्व असते आणि तो बांधावर येतो. बोरं, पपई, केळे, चिक्कू, सगळे चालते. लहान पोरांना बोराची बी काढून द्यावी. तसेच चार-पाच वर्षांखालच्या मुलास अख्खे शेंगदाणे देऊ नयेत, ठसका लागून श्वासनळीत अडकतात, कूट द्यावे. बुरशी धरलेले, काळवंडलेले शेंगदाणे तर कुणीच खाऊ नयेत, जनावरालाही घालू नयेत.

रात्री बाहेर राहिलेला भात परतून डब्यात देण्याची पद्धत बंद करावी. कितीही परतला तरी त्याने उलट्या होऊ शकतात. गरम भाजी लगेच झाकू नये, घाम सुटून आंबते. प्लॅस्टिकपेक्षा स्टीलचा डबा बरा.

एका पोराने मला सांगितले, "भाकरी नेली की पोरं हसत्यात." हे ऐकून वाईट वाटले. आपल्याच शिवारात तोडीला आलेल्या टोळीतली पोरे बाजरीची भाकरी आणि चटणी खातात. त्यांना भाकरीबरोबर डाळ, दूध, भाजी मिळत नाही हे त्यांचे दुःख आहे, आणि आपल्या पोरांना मिळू शकत असून भाकरीची लाज वाटते हे आपले. २०२३ हे साल संयुक्त राष्ट्रांनी भरडधान्यांचे वर्ष म्हणून पाळले, शहरात ज्वारी-बाजरी महाग झाली, आणि आपण ती डब्यातून काढून टाकली. यावर उपाय शिक्षकच करू शकतात. आठवड्यातून एक दिवस सगळ्यांनी भाकरी किंवा धपाटे आणायचे असे ठरवले की हसणारे कुणी उरत नाही.

खर्चाचे म्हणाल तर दहा रुपयांचा कुरकुरीत पुडा महिन्याचे पंचवीस दिवस दिला तर अडीचशे रुपये होतात. तेवढ्यात किलोभर शेंगदाणे आणि डझनभर अंडी येतात.

आता माझ्याकडे येणारा भाग. त्या वस्तीवर परत गेलो तेव्हा वहिनी म्हणाल्या, "भाजी आणायची तर आठवड्याच्या बाजाराला. शेतात सगळा ऊसच की हो." मी सभोवती पाहिले. खरेच होते. बांधावर गवताची काडी नाही, दारापासून ऊस. याच बांधावर पूर्वी शेवगा होता, तुरीच्या ओळी होत्या, पाटाच्या कडेला तांदुळजा, घोळ, पाथरी उगवायची आणि बाया खुरपताना ओटीभर घरी न्यायच्या. बांध स्वच्छ ठेवा, तणनाशक मारा, असे वीस वर्षांपूर्वी घरोघर सांगणारा मीच होतो. टनेजसाठी ते चुकीचे नव्हते. पण अॅट्राझीन, मेट्रिब्युझिन, २-४ डी यांनी रुंद पानांचे सगळे मरते, त्यात तणाबरोबर पालेभाजीही गेली आणि आंतरपीकही गेले. ताटातून काय गेले याची नोंद आमच्या कोणत्याच रजिस्टरला नव्हती.

तेव्हा माझी आता शिफारस अशी आहे. सगळे क्षेत्र नको, प्रत्येक सभासदाने घराजवळच्या चार-सहा सऱ्या तणनाशकाविना ठेवाव्यात आणि खुरपणी करावी. पूर्वहंगामी लागणीत तिथे मेथी, वाटाणा, हरभरा, कांदा घेता येतो. आडसालीत भुईमूग, चवळी. सुरूत मेथी, कोथिंबीर, काकडी, उन्हाळी भुईमूग. पट्टा पद्धत असेल तर जागा आणखी मोकळी मिळते. उसाचे उत्पन्न घटेल ही भीती रास्त आहे, म्हणून आंतरपीक नव्वद दिवसांच्या आसपास निघणारे असावे, त्याला त्याचे खत वेगळे द्यावे, आणि मक्यासारखे उंच पीक उसात घेऊ नये. ऊस झाकोळायच्या आत ते निघून गेले पाहिजे. ज्या सरीत हुमणी किंवा खोडकिडीसाठी दाणेदार औषध टाकले असेल त्या सरीतली भाजी मात्र खायची नाही, हे लिहून ठेवा. फवारणी केली असेल तर लेबलावर दिलेले काढणीपूर्वीचे दिवस पाळावेत. पोराच्या डब्यात जाणारी भाजी आहे ती.

विहिरीवर मोटरच्या पेटीपाशी प्रत्येकाकडे थोडी जागा पडून असते आणि पाणी रोज सांडते. तिथे एक शेवगा, एक लिंबू, एक पेरू, एक कडीपत्ता आणि दोन पपया बसतात. शेवगा पीकेएम-१ जातीचा लावल्यास सहा-आठ महिन्यांत शेंग सुरू होते. पाला त्याआधीच मिळतो. मोटर चालू करायला आपण दिवसातून एकदा तरी जाताच. येताना मूठभर पाला आणि दोन लिंबे घेऊन यायला काय हरकत आहे? हे काम बाप्याचे, आणि त्याला लागवडीचा खर्च जवळजवळ नाही.

ते वस्तीवरचे पोर आता पहिलीत आहे. हिराकस-शेणखताने ऊस हिरवा झाला. पोराला डॉक्टरांचे औषध पुरे तीन महिने दिले, चहा सुटला, डब्यात साखरेची गुंडाळी आता आठवड्यातून एकदाच असते. दुसऱ्या तपासणीत रक्त वाढलेले निघाले. त्यात औषधाचे श्रेय किती आणि डब्याचे किती, हे मी सांगू शकत नाही. मेथी तो अजूनही बोटाने निवडून झाकणात काढून ठेवतो. वहिनींनी त्यावर ती वाटून धपाट्याच्या पिठात मिसळायला सुरुवात केली आहे.

शेवग्याची रोपे आणि मेथी-कोथिंबिरीचे बी हवे असलेल्या सभासदांनी आपल्या गट कार्यालयात किंवा चिटबॉयकडे नावे द्यावीत. नाव नोंदवताना घरात शाळेत जाणारी मुले किती, तेही सांगावे. पुढील अंकात खोडव्याच्या पहिल्या साठ दिवसांतील कामांविषयी लिहीन.

— ऊस विकास अधिकारी